नाशिकमध्ये राहून ॲनिमेचा आवाज कलाकार व्हायचंय? मग सुरुवात इथून करा

दहावी-बारावीतली, इंजिनिअरिंगच्या पहिल्या-दुसऱ्या वर्षातली पोरंपोरी मला सारखं एकच विचारतात, सर ॲनिमेला (जपानी ॲनिमेशनला) आवाज द्यायचाय, काय करू, कुठला कोर्स लावू. मी नाशिकमध्ये नाटकाच्या तालमी घेतो आणि काम असेल तेव्हा डबिंगला मुंबईला जातो, त्यामुळे हा प्रश्न माझ्याकडे येणारच, आणि मला तो मनापासून आवडतो. आता दिवसही तसे आलेत. सप्टेंबर २०२५ मध्ये डेमन स्लेयर या ॲनिमेचा इन्फिनिटी कॅसल हा सिनेमा आपल्याकडे थिएटरात लागला तो जपानीसोबत हिंदी, तमिळ आणि तेलुगूतही, म्हणजे हे काम आता फक्त कार्टून चॅनलपुरतं उरलेलं नाही. म्हणून एकदा सगळं सविस्तर लिहून ठेवतोय, जपानमध्ये हे करिअर कसं चालतं, आपल्याकडे कसं चालतं, आणि आज संध्याकाळपासून घरी काय करता येईल.

सगळ्यात आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा. हे नटाचं काम आहे. माझा आवाज गोड आहे, मला पाच कार्टूनच्या नकला येतात, यावर कोणी दोन दिवसही टिकत नाही. जपानमध्ये या लोकांना सेइयू म्हणतात आणि त्यातले जुने जाणते जवळजवळ सगळे रंगभूमीवरून आलेत. आपण ज्या डोरेमॉनवर वाढलो त्याचा मूळ जपानी आवाज १९७९ ते २००५ नोबुयो ओयामा यांचा होता, त्या हाइयुझा नावाच्या नाट्यसंस्थेच्या अभिनय शाळेत शिकलेल्या. त्याच मालिकेत त्याच काळात सुनिओचा आवाज कानेता किमोत्सुकी यांचा, ते तर स्वतःची नाटक मंडळी चालवायचे. ड्रॅगन बॉलचा नायक गोकू, त्याचा आवाज १९८६ पासून मासाको नोझावा देतायत, त्यांचा जन्म १९३६ चा, लहानपणीच सिनेमात कामं करायला लागलेल्या, आणि गोकूच नाही तर त्याची पोरं गोहान आणि गोतेन हेही त्यांचेच आवाज. एकाच सीनमध्ये बाप आणि दोन पोरं एकमेकांशी बोलतात आणि तिघांचं मन वेगळं ऐकू येतं, हे नुसता गळा बदलून होत नाही.

पोरींनी अजून एक लक्षात घ्या. नोबिता, गोकू, लुफी, नारुतो, शिनचान, या सगळ्या पोरांचे जपानी आवाज बायकांचे आहेत, कारण खऱ्या मुलाचा आवाज वयात आला की फुटतो आणि मालिका तर वीस-वीस वर्षं चालते. आपल्याकडेही तेच, हिंदी डोरेमॉनचा आवाज म्हणून सोनल कौशल यांना सगळा देश ओळखतो. तेव्हा "माझा आवाज बारीक आहे" म्हणून मागे बसू नका, बारीक आवाजाला इथे भरपूर काम आहे.

तिकडे करिअर कसं चालतं

जपानमध्ये रस्ता ठरलेला आहे आणि लांब आहे. शाळा झाली की दोन वर्षांची व्यवसाय शिक्षण देणारी संस्था किंवा एजन्सीनेच चालवलेली प्रशिक्षण शाळा, तिला योसेइजो म्हणतात. तिथे आवाज, अभिनय, नाच, गाणं, माईकसमोरचं काम हे सगळं घोटून घेतात. मग एजन्सीची निवड होते आणि त्यातही पायऱ्या असतात, आधी नुसतं "ठेवून घेतलेला" कलाकार, मग अर्धा सदस्य, मग पूर्ण सदस्य. दर थोड्या काळाने तपासणी होते आणि काम दिसलं नाही तर नाव कमी होतं. आओनी प्रॉडक्शन, एटीवन प्रोड्यूस, ओसावा ऑफिस, माऊसू प्रमोशन ही त्यातली मोठी नावं. एजन्सी इतकी महत्त्वाची का, तर ऑडिशनची खबर एजन्सीकडे येते, तुमच्याकडे नाही. स्टुडिओ एजन्सीला कळवतो, एजन्सी आपल्यातले चार-दोन निवडते, त्यांचे रेकॉर्ड केलेले नमुने जातात, त्यातून काहींना प्रत्यक्ष बोलावतात.

आणि पैसे. नवीन कलाकाराला पहिली काही वर्षं ज्युनियर दर्जा असतो आणि तीस मिनिटांच्या एका भागाचे साधारण १५,००० येन मिळतात, मग त्यात तुमची एकच ओळ असो नाहीतर सगळा भाग तुमच्या खांद्यावर असो. आपल्या हिशोबात आठ-नऊ हजार रुपये, त्यातून एजन्सीचा वाटा जातो, आणि टोकियोचं भाडं. आठवड्याला एक भाग मिळाला तरी महिन्याला काय हातात पडतं ते तुम्हीच काढा. म्हणून तिथली बहुतेक नवी मंडळी दुकानात, हॉटेलात अर्धवेळ काम करतात आणि ऑडिशनला पळतात. मेगुमी हायाशिबारा, एव्हान्जेलियन मालिकेतल्या रेईचा आवाज, इतकी मोठी कलाकार, पण सुरुवातीला नर्सिंगचं शिक्षण आणि आर्ट्स व्हिजन एजन्सीची प्रशिक्षण शाळा दोन्ही एकाच वेळी करत होत्या आणि नर्सिंगची पात्रताही त्यांनी मिळवली. हे उदाहरण मी आईवडिलांनाही सांगतो. पोरगं डिग्री करता करता हे शिकू शकतं.

आता स्टुडिओतलं, कारण मला स्वतःला यात सगळ्यात जास्त मजा येते. जपानमध्ये चित्र आधी आणि आवाज नंतर, पण ते चित्र बऱ्याचदा अर्धवटच असतं, कधी नुसत्या पेन्सिलच्या रेघा, आणि पडद्यावर पात्राचं नाव उमटतं ते असेपर्यंत तुम्ही बोलायचं. खोलीत तीन-चार माईक आणि दहा-पंधरा कलाकार. ज्याची ओळ आली तो उठतो, मोकळ्या माईकशी जातो, बोलतो, बाजूला होतो आणि मागचा पुढे येतो, पाऊल वाजता कामा नये, कागद वाजता कामा नये, कोणाला धक्का लागता कामा नये. कुठल्या माईकवर कधी जायचं हे कोणी सांगत नाही, सगळ्यांचं सगळ्यांकडे लक्ष असावं लागतं. आधी एक चाचणी, मग ध्वनी दिग्दर्शकाच्या सूचना, परत एक चाचणी, मग खरं रेकॉर्डिंग. गर्दीचा गलका असेल, बाजार, शाळेचा वर्ग, तर तो नव्या पोरांनी भरायचा आणि तिथेच जुन्यांचं लक्ष तुमच्यावर जातं. ज्यांनी एकांकिका केल्यात त्यांना हे विंगेतल्या शिस्तीसारखं वाटेल आणि ते तसंच आहे.

आपल्याकडे हिंदी डबिंग याच्या अगदी उलटं. तुम्ही एकटेच बूथमध्ये, कानात हेडफोन, त्यात मूळ जपानी आवाज, समोर स्क्रीन, काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट आणि डबिंग डायरेक्टर. एकेक ओळ ऐकायची आणि बोलायची, चुकलं तर तिथूनच पंच, म्हणजे तेवढाच तुकडा परत रेकॉर्ड. समोरचं पात्र कोणीतरी दुसऱ्या दिवशी येऊन बोलणार असतं, म्हणजे भांडण असलं तरी तुम्ही हवेशी भांडताय. म्हणून तिकडे ऐकणं लागतं आणि इकडे कल्पना लागते, दोन्ही नाटकातच शिकायला मिळतं.

नाशिकमध्ये काय करायचं

नाटक करा. कॉलेजच्या एकांकिकेत घुसा, राज्य नाट्य स्पर्धेत नाशिक केंद्रावर दरवर्षी नाटकं होतात त्यातल्या कुठल्या तरी ग्रुपला जाऊन भेटा, म्हणा मला चहा आणायचं काम द्या पण तालमीला बसू द्या. कालिदासला, साईखेडकरला प्रयोग बघताना एकदा डोळे मिटून बघा, कोणाचं पात्र नुसत्या आवाजातून उभं राहतं आणि कोणाचं हातवाऱ्यांवर चाललंय ते लगेच कळतं. वाचिक अभिनय हा शब्द आपल्याकडे कधीपासूनचा आहे, तो शिकवणारे दिग्दर्शकही या गावात आहेत, फुकटात शिकवतात, फक्त तालमीला वेळेवर या म्हणतात. त्यांना सोडून कुठल्या तरी ऑनलाईन "ॲनिमे व्हॉइस मास्टरक्लास"ला तीस हजार देऊ नका.

रेडिओही बघा. आकाशवाणीवर नैमित्तिक उद्घोषकांसाठी स्वरचाचणीची जाहिरात निघाली तर भरा, कम्युनिटी रेडिओवर तर कार्यक्रम करायला माणसं हवीच असतात. जपानी सेइयू लोकांचे स्वतःचे रेडिओ कार्यक्रम असतात, तो त्यांच्या कामाचा मोठा भाग आहे, कारण माईकशी ओळख तिथेच होते, किती जवळ जायचं, प-फ-भ चा भपका कसा टाळायचा, श्वास कुठे लपवायचा.

रोज मोठ्याने वाचा. न बघता, पहिल्यांदाच समोर आलेला मजकूर, पेपर घ्या, सावानातून (सार्वजनिक वाचनालयातून) आणलेली कथा घ्या, न अडखळता आणि अर्थ कळेल असं. स्टुडिओत स्क्रिप्ट बऱ्याचदा हातात पडते ती तिथेच, घरी अभ्यासाला मिळत नाही. जिभेसाठी आपलं "काळे राळे गोरे राळे राळ्यात राळे मिसळले" आणि "चटईला टाचणी टोचली" झकास आहे. जपानी पोरं "आ ए इ उ ए ओ आ ओ" असं स्वरांचं चक्र आणि उइरो-उरी नावाचा १७१८ मधल्या काबुकी नाटकातला औषधविक्याचा लांबलचक संवाद पाठ करतात, आजही आवाजाच्या शाळांत तोच घोटून घेतात.

हिंदीसाठी एक खास काम करायचंय, आपल्या नाशिककरांच्या हिंदीत मराठी लगेच कळते. सगळ्यात आधी ऐ आणि औ. आपण "पइसा", "अउर", "कउन" म्हणतो, त्यांच्याकडे तो एकच उघडा स्वर आहे, तोंड न हलवता. मग ज़ आणि फ़, "आवाज़", "ज़रा", "फ़िक्र", "फ़ौरन". रोज दहा ओळी रेकॉर्ड करून एखाद्या उत्तरेतल्या मित्राला ऐकवा आणि तो जे सांगेल ते मान्य करा. हे न सुधारता ऑडिशनला गेलं तर चांगला अभिनय असूनही "मराठी टच आहे" म्हणून विनोदी इन्स्पेक्टरच्या कामावर बोळवण होते.

लिपसिंकचा, म्हणजे पात्राच्या तोंडाशी आवाज जुळवायचा सराव असा करा

वीस-तीस सेकंदांचा एक जपानी तुकडा घ्या, मारामारी नको, दोन माणसं बोलतायत असा. आधी डोळे मिटून चार वेळा ऐका, शब्द कळले नाहीत तरी चालेल, श्वास कुठे घेतला, कुठे थांबला, कुठे आवाज घशात अडकला एवढंच कागदावर खुणेने मांडा. मग आवाज बंद करून नुसतं तोंड बघा. ॲनिमेत तोंडाची बहुतेक तीनच चित्रं असतात, मिटलेलं, अर्धं उघडं आणि पूर्ण उघडं, तीच आलटून पालटून. म्हणून इथे प-ब-म ला ओठ मिटले का याची फार चिंता नसते, खऱ्या माणसाच्या सिनेमात असते तशी. इथे सुरुवात, शेवट आणि मधला थांबा हे तिन्ही जुळले की ओळ बसते.

आता आपली ओळ लिहा. इथे मराठी-हिंदीवाल्यांना एक जबरदस्त फायदा आहे जो इंग्रजीत डबिंग करणाऱ्यांना नाही. जपानीत क्रियापद शेवटी येतं, नकारही शेवटी येतो, आपल्यासारखंच. जपानी पात्र दात ओठ खाऊन म्हणतं "युरुसानाई", पाच ठोके, आणि सगळा राग त्या शेवटच्या "नाई" वर. आपलं "मी सोडणार नाही", पाच ठोके, राग शेवटी. हिंदीत "छोड़ूँगा नहीं", परत पाच, परत शेवटी. चेहरा ज्या क्षणी आवळतो त्याच क्षणी आपलाही शब्द आवळतो. हे हेरून सराव केलात तर तुमचं डबिंग ओढूनताणून बसवलेलं वाटणार नाही.

रेकॉर्डिंगला फोनसुद्धा चालतो सुरुवातीला. कपाट उघडा, कपड्यांकडे तोंड करा, मागे जाड गोधडी टांगा, पंखा बंद, घुमणारा आवाज निम्म्याने कमी होतो. ऑडॅसिटी नावाचं सॉफ्टवेअर फुकट आहे, त्यात आवाज आणि लहरी दोन्ही दिसतात. कपडे सुती घाला, ट्रॅकपँटची सळसळ माईक पकडतो, बांगड्या-चेन काढून ठेवा, स्क्रिप्ट छापून घ्या आणि पान न वाजवता उलटायचाही सराव करा. जपानमध्ये यावरून नवा माणूस ओळखतात.

यानंतर एफर्ट. म्हणजे ज्याला शब्द नाहीत ते सगळं, धावतानाचा श्वास, ठोसा मारताना, ठोसा खाताना, पडताना, जिना चढून आल्यावर, घास तोंडात असताना, रडू आवरताना. ठोसा मारणं आणि खाणं यात हवा वेगळी चालते, मारताना बाहेर फेकली जाते, खाताना अचानक अडते, हे उभं राहून करून बघा, बसून होत नाही. जपानी ॲनिमेत असे बारीक श्वास प्रचंड असतात, पात्र नुसतं मान वळवतं तरी एक छोटा हुंकार असतो, आणि ऑडिशनमध्ये बहुतेक जण तिथेच कोरडे पडतात.

किंचाळायचं काम नेहमी शेवटी. सराव असो की स्टुडिओ, ओरडायचे सीन शेवटाला ठेवा असं आधीच नम्रपणे सांगा, चांगला डायरेक्टर स्वतःच तसं लावतो. पोटाचा जोर वापरा, गळा आवळू नका. आवाज बसला आणि दोन-तीन आठवडे सुटला नाही तर हळद-दुधावर थांबू नका, कान-नाक-घसा डॉक्टरांना दाखवा, स्वरतंतूंवर गाठी होऊ शकतात. रेकॉर्डिंगच्या आदल्या रात्री जागरण नाही, आणि सकाळी झणझणीत मिसळ हाणून जाऊ नका, आंबट ढेकरा वर आल्या की स्वरतंतूंना सूज येते. डिसेंबर-जानेवारीत इथल्या कोरड्या थंडीत कोमट पाणी सतत जवळ ठेवा.

मुंबई आणि जपान

मुंबईत डबिंगचं बहुतेक काम अंधेरी-ओशिवरा-गोरेगाव पट्ट्यात आहे. नाशिकरोडहून सकाळी पंचवटीने जाऊन दादरला उतरा, वेस्टर्न पकडा, संध्याकाळी परत, कितीतरी नाशिककर नोकरीसाठी रोज हेच करतात. पण फोन आदल्या रात्री येतो हे धरून चाला. जाताना दीड मिनिटाचा डेमो हवा, त्यात चार-पाच तुकडे, प्रत्येक वेगळ्या वयाचा आणि वेगळ्या मनःस्थितीचा, पार्श्वसंगीत नको, आणि सगळ्यात चांगला तुकडा पहिला, कारण बरेच जण पहिले पंधरा सेकंदच ऐकतात. प्रसिद्ध कलाकाराची नक्कल त्यात टाकू नका, तो आवाज त्यांच्याकडे आधीच आहे. सुरुवातीला क्राउड, म्हणजे गर्दीचा गलका मिळेल, दोन ओळींचा शिपाई मिळेल, आनंदाने करा आणि वेळेवर पोचा. ऑडिशनसाठी पैसे मागणारा कोणीही असो, उठून या. माझ्या तालमीतल्या एका मुलीकडून "रजिस्ट्रेशन"च्या नावाखाली मोठी रक्कम घेऊन एक को-ऑर्डिनेटर गायब झाला, म्हणून हे इतकं ठासून सांगतोय.

थेट जपानलाच जायचं असेल तर तेही अशक्य नाही. शांघायची लियू २०२१ मध्ये एका मोठ्या ॲनिमे मालिकेत मुख्य पात्रांपैकी एक झाली, रशियाच्या नोव्होसिबिर्स्कची जेन्या जपानमध्ये सेइयू म्हणून काम करते. पण दोघींनीही आधी भाषा कमावली. जपानी भाषेची जेएलपीटी परीक्षा सगळ्यात सोप्या एन५ पासून सगळ्यात अवघड एन१ पर्यंत असते, आपल्याला जवळची केंद्रं पुणे आणि मुंबई, जुलै आणि डिसेंबरात होते, फॉर्म काही महिने आधीच भरून संपतात. तिकडच्या व्यवसाय संस्थेत शिरायला साधारण एन२ ची पातळी मागतात, आणि आवाजाच्या कामाला तर एन१ नंतरच खरी सुरुवात, कारण टोकियोच्या बोलीत शब्दाचा चढ-उतार अर्थ बदलतो. "हाशी" वरून खाली आणला तर जेवायच्या काड्या, खालून वर नेला तर पूल. तिथले कलाकार एनएचकेचा (जपानच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेचा) उच्चारकोश जवळ ठेवतात. उच्चारात मात्र मराठी माणसाला काही गोष्टी आयत्या मिळतात, "त्सु" म्हणताना इतरांची जीभ अडते, आपण "चूक", "चुना" रोज म्हणतोच, जवळजवळ तोच च.

विद्यार्थी व्हिसावर परवानगी घेऊन आठवड्याला २८ तास काम करता येतं, पण त्यात शाळेची फी आणि टोकियोचा खर्च दोन्ही निघतील असं धरू नका. शिक्षण संपल्यावर राहायचं तर त्या कामाचा व्हिसा लागतो आणि त्यासाठी कोणीतरी तुम्हाला घेतलेलं असावं लागतं. म्हणून माझं मत असं की आधी इथे चार वर्षं द्या, नाटक, हिंदी डबिंग आणि जपानी भाषा तिन्ही समांतर, हातात काही कामं आणि एन२ असताना जा. तेव्हा तिकडच्या शाळेत तुम्ही आधीपासून माईक ओळखणारा नट म्हणून बसाल, आणि नाही जमलं तरी इथलं काम सुटलेलं नसेल.

शेवटचं, सही करण्याआधी कागद वाचा. तुमचा आवाज एआयला शिकवायला वापरला जाईल का, कुठे, किती काळ, हे कलम आता बघावंच लागतं. जपानमध्ये २०२४ च्या ऑक्टोबरात कोइची यामादेरा, युकी काजी यांच्यासारखे मोठे सेइयू परवानगीशिवाय एआयने बनवलेल्या आवाजांविरुद्ध जाहीर मोहीम घेऊन पुढे आले. आपल्याकडे व्हॉइस आर्टिस्ट लोकांची संघटना आहे, असोसिएशन ऑफ व्हॉइस आर्टिस्ट्स ऑफ इंडिया, काम सुरू झालं की सदस्यत्वाची चौकशी करा. "फक्त नमुना" म्हणून कोणी तासभराचं स्वच्छ रेकॉर्डिंग फुकट मागितलं तर देऊ नका. ऑडिशनला दोन-चार ओळी पुरतात.